एक दिवस शहरासाठी

वेरूळ-अजिंठ्याला निघालेली माणसं छत्रपती संभाजीनगरात, म्हणजे जुन्या औरंगाबादेत, उतरतात ती बहुधा मुक्कामापुरती. मंडळी, दोनच दिवस हाताशी असले, तरी त्यातला एक या शहराला द्या.

सकाळी पाणचक्कीला जा. बाबा शाह मुसाफिरांच्या दर्ग्यातली ही चक्की डोंगरातून मातीच्या नळांनी आणलेल्या पाण्यावर फिरे आणि फकिरांचं, वाटसरूंचं धान्य दळी. ही जलविद्या इथं रुजवली मलिक अंबरनं. हबशी मुलखातून गुलाम म्हणून विकला गेलेला हा माणूस निजामशाहीचा वजीर झाला. १६१० मध्ये त्यानं खडकी गावी हे शहर वसवलं आणि त्याला पाणी देण्यासाठी नहर बांधली. पुढं औरंगजेबाच्या सुभेदारीत, १६५३ मध्ये, खडकीचं औरंगाबाद झालं आणि २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर.

दुपारी जुन्या शहरात नान-खलिया खा. हे लष्कराच्या पंगतीतून आलेलं जेवण, असं इथले लोक सांगतात. उन्हं उतरल्यावर बीबी का मकबरा पाहा. त्याची कमान उजळत असताना सिराज औरंगाबादी हा अठराव्या शतकातला शायरही याच मातीतला, हे आठवा.

मकबऱ्याची निगा राखली जाते. नहरीचे अवशेष मात्र ठिकठिकाणी बुजले, फुटले आहेत. म्हणून पाण्याची वाट आधी पाहून घ्या.