उडालेला फ्यूज काय सांगतो?

मराठीत दिवे जातात, बल्बही जातो, फ्यूज मात्र उडतो. शाळेच्या विज्ञानाच्या पुस्तकात त्याला 'वितळतार' असा शब्द आहे. मला तो फार आवडतो, कारण फ्यूजचं सगळं काम त्या एका शब्दात आलं आहे. पण नाना पेठेतल्या एखाद्या गॅरेजात जाऊन 'माझ्या गाडीची वितळतार बघता का?' असं विचारलं, तर मिस्त्री आधी माझ्याकडेच बघेल. तो शब्द पुस्तकात राहिला. गॅरेजात दुसराच शब्द रुजला, 'डायरेक्ट'. "साहेब, फ्यूज सारखा उडत होता. डायरेक्ट करून टाकला," असं मिस्त्री सांगतो आणि काम झालं म्हणून गाडीमालक खूश होतो. मोटारीतल्या फ्यूजचा इतिहास म्हणजे या दोन शब्दांमधली ओढाताण आहे. एकीकडे वितळायला तयार असलेली तार आणि दुसरीकडे तिला वितळू न देणारे आपण.

ही ओढाताण मोटारीआधी आपल्या घरात होती. पुण्यातल्या जुन्या वाड्यांत मीटरशेजारी चिनी मातीचे पांढरे फ्यूज असत. वायरमन त्यांना 'किटकॅट' म्हणत. उन्हाळ्यात पंखे वाढले, दिवाळीत माळा लागल्या की ते उडत. मग कुणीतरी खुर्चीवर चढे, फ्यूज ओढून काढी आणि त्यात नवी तार भरी. घरात फ्यूजवायर नसली, की साध्या वायरीतले तांब्याचे दोन-चार पदर एकत्र पिळून लावले जात. उजेड परत येई. पण त्या जाड तांब्याला आता वितळायची घाई नसे. पुढच्या वेळी वितळण्याची पाळी भिंतीतल्या वायरिंगची होती.

मुळात ही कल्पना आली ती आकाशातल्या विजेच्या भीतीने. १८४७ मध्ये लुई ब्रेगे या फ्रेंच तंत्रज्ञाने तारायंत्राची ठाणी वाचवण्यासाठी एक उपाय सुचवला. तारांवर वीज पडली, तर तिचा लोट आतल्या यंत्रापर्यंत पोचण्याआधीच तुटावा म्हणून मध्ये एक बारीक तार ठेवायची. पुढे घरोघर वीज पोचवण्याच्या खटपटीत असलेल्या एडिसनने १८९० मध्ये फ्यूजचं पेटंट घेतलं. तत्त्व तेच होतं. सगळ्या वाटेवर एक जागा मुद्दाम कमजोर ठेवायची, म्हणजे बिघाड झालाच तर तिथे होईल, आपल्याला ठाऊक असलेल्या ठिकाणी.

सुरुवातीच्या मोटारींना या साऱ्याची फारशी गरज नव्हती. त्यांचे दिवे कार्बाइडचे किंवा तेलाचे, भोंगा रबरी फुग्याचा, आणि इंजिन सुरू करायला हँडल. १९१२ मध्ये अमेरिकेत कॅडिलॅक गाडीला विजेचा स्टार्टर आणि विजेचे दिवे आले आणि बॅटरी मोटारीचा अवयव झाली. तिच्यासोबत धोकाही आला. घरात वीज जायला एक आणि परतायला दुसरी तार असते. मोटारीत परतीचं काम बहुतेक ठिकाणी गाडीचा लोखंडी सांगाडाच करतो. मिस्त्री त्याला 'बॉडी अर्थ' म्हणतात. म्हणजे एखाद्या तारेचं कातडं सोललं आणि ती पत्र्याला टेकली, की झालं शॉर्ट सर्किट. बॅटरी बारा व्होल्टची, म्हणून हात लावला तर झटका बसत नाही. पण स्टार्टर फिरवण्यासाठी ती शंभर-दोनशे ॲम्पिअर देते, आणि शॉर्ट झालं तर शेकडो ॲम्पिअर ओतते. एवढ्या प्रवाहाने साधी वायर काही सेकंदांत लाल होते.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. फ्यूज हा दिव्याचं किंवा रेडिओचं रक्षण करण्यासाठी असतो, असं आपण समजतो. तो मुख्यतः तारेचं रक्षण करतो. साधा हिशेब बघा. हेडलाइटचे ६० वॅटचे दोन बल्ब म्हणजे १२० वॅट. बारा व्होल्टने भागलं की १० ॲम्पिअर. या तारेवर १५चा फ्यूज ठेवला, तर दिवे सुखाने जळतात आणि तार तापायच्या आत फ्यूज वितळतो. तिथे कुणी ३०चा लावला, तर दिव्यांना फरक पडत नाही. मात्र तार आणि आग यांच्यामध्ये उभं राहणारं कुणी उरत नाही.

आपल्या रस्त्यांवर अर्धशतक राज्य केलेल्या अँबॅसेडरचं उदाहरण घ्या. हिंदुस्थान मोटर्सची ही गाडी मुळात इंग्लंडची मॉरिस ऑक्सफर्ड. १९५०च्या दशकाच्या अखेरीस ती उत्तरपाड्याच्या कारखान्यातून बाहेर पडू लागली आणि २०१४ मध्ये तिचं उत्पादन थांबलं. तिच्या मूळ इंग्रजी वायरिंगमध्ये फ्यूज होते फक्त दोन. काचेच्या नळीत बारीक तार आणि आत अ‍ॅम्पिअरचा आकडा छापलेली कागदाची चिठ्ठी. बॉनेट उघडायचं, 'कटआउट'च्या जवळ हे दोन सापडायचे. एकावर हॉर्न वगैरे. दुसऱ्यावर वायपर, ब्रेकलाइट, इंडिकेटर, पेट्रोलचा काटा. हेडलाइटच्या वाटेवर तर फ्यूजच नव्हता. रात्री फ्यूज उडून दिवे विझले तर अपघात होईल, असा त्यामागचा विचार. विचार चुकीचा म्हणता येणार नाही. पण त्या तारेला संरक्षण नव्हतं, हेही खरं.

नव्वदीच्या दशकात आम्ही पाच-सहा कवी साताऱ्याचं कविसंमेलन आटोपून भाड्याच्या अँबॅसेडरने पुण्याला परतत होतो. खंबाटकी घाटात धो धो पाऊस आणि वायपर अचानक थांबला. इंडिकेटरही गेला, पेट्रोलचा काटा खाली पडला. ड्रायव्हरने बॉनेट उघडलं, सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद काढला, उडालेल्या फ्यूजभोवती गुंडाळला आणि परत बसवला. वायपर फिरू लागला. आम्ही त्याला मैफलीसारखी दाद दिली. घाट उतरून शिरवळच्या अलीकडे आलो तेव्हा डॅशबोर्डखालून जळक्या रबराचा वास आणि पाठोपाठ धूर आला. ड्रायव्हरने उडी मारून बॅटरीचं टर्मिनल ओढून काढलं, म्हणून निभावलं. दुसऱ्या दिवशी नाना पेठेतल्या एका उस्तादांनी आम्हाला ती जागा दाखवली. इंजिनाकडून आत येणारी वायर जिथून पत्र्यातून जाते, तिथलं रबर झिजून पडलं होतं. वायर पत्र्याच्या धारेवर घासत होती. डॅशबोर्डखाली सगळ्या वायरींचा मिळून एक काळा गोळा झाला होता. उस्ताद म्हणाले, "फ्यूजने तुम्हाला घाटातच सांगितलं होतं. तुम्ही त्याचं तोंड बंद केलंत."

अँबॅसेडरची सवत म्हणजे फियाट, पुढची प्रीमियर पद्मिनी. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यात ती तयार होई. मुंबईतल्या शेवटच्या पद्मिनी टॅक्सीने २०२३च्या ऑक्टोबरमध्ये निरोप घेतला. तिचे फ्यूज युरोपीय पद्धतीचे होते. चिनी मातीची दोन्हीकडे निमुळती कांडी, तिच्यावर उघडी धातूची पट्टी, पांढरी ८ ॲम्पिअरची, तांबडी १६ची. इथे वाटा जास्त, म्हणून फ्यूजही जास्त. एक उडाला तरी सगळी गाडी आंधळी-मुकी होत नसे. त्यांची खोड मात्र वेगळी होती. पावसाळ्यात टोकांवर गंज चढे आणि फ्यूज शाबूत असूनही दिवा लागत नसे. अनुभवी ड्रायव्हर डबी उघडून बोटाने प्रत्येक कांडी जागच्या जागी फिरवी. घासली की दिवा हजर. त्यातून 'फ्यूज म्हणजे नुसती कटकट' अशी समजूत पक्की होत गेली आणि 'डायरेक्ट'ची वाट अधिकच मोकळी झाली.

माणसाचा हा स्वभाव फ्यूज बनवणाऱ्यांना ठाऊक होता. अमेरिकेत काचेच्या फ्यूजची एक पद्धत अशी होती, की ॲम्पिअर वाढले की नळीची लांबी वाढे. छोट्याच्या जागी मोठा बसूच नये, ही त्यामागची युक्ती. १९७६ मध्ये शिकागोच्या लिटलफ्यूज कंपनीने दोन पात्यांचा, रंगीत प्लॅस्टिकचा चपटा फ्यूज आणला. आज रस्त्यावरच्या बहुतेक मोटारींत त्याच घराण्यातले, त्याहूनही लहान झालेले फ्यूज असतात. गंमत म्हणजे यांत सगळ्या ॲम्पिअरचे फ्यूज एकाच खाचेत बसतात. लांबीचा पहारा गेला आणि त्याच्या जागी रंगांची भाषा आली. तपकिरी साडेसात, लाल दहा, निळा पंधरा, पिवळा वीस, पारदर्शक पंचवीस, हिरवा तीस. शाळा अर्ध्यावर सुटलेली गॅरेजातली पोरं ही बाराखडी एका आठवड्यात शिकतात. 'निळा दे रे' म्हटलं की निळाच येतो. इंग्रजी न वाचता येणाऱ्या हातांवर या रंगांनी मोठे उपकार केले आहेत.

दरम्यान मोटारीची राजधानी आपल्या अंगणात सरकली. वेताळ टेकडीवर १९६६ मध्ये स्थापन झालेली वाहन-संशोधन संस्था, म्हणजे पुणेकरांची 'एआरएआय', होतीच. १९९८ मध्ये टेल्कोने पिंपरी-चिंचवडमध्ये घडवलेली इंडिका बाजारात आणली. पुढे चाकण आणि रांजणगावला परदेशी नावांचे कारखाने उभे राहिले. गाडीत काचा वरखाली करणाऱ्या मोटारी आल्या, एसी आला, एअरबॅग आल्या, संगणक आले. दोन फ्यूजच्या जागी दोन-तीन डझन झाले. आता डाव्या आणि उजव्या हेडलाइटला बऱ्याचदा वेगळा फ्यूज असतो, म्हणजे एक उडाला तरी अंधार होत नाही. अँबॅसेडरच्या काळातला पेच असा सुटला.

पण 'डायरेक्ट' संपला नाही, त्याने वेश बदलला. नवी गाडी घेतली की आपण ॲक्सेसरीजच्या दुकानात जातो. मोठा हॉर्न, जादा दिवे, मोठी म्युझिक सिस्टिम. चालू वायर सोलून तिथे 'जॉइंट' मारला जातो, वर काळी टेप. या नव्या वाटेवर फ्यूज आहे का, हे विचारत कुणी नाही. २०१० मध्ये टाटांच्या नॅनो गाड्यांना आगी लागल्याच्या काही घटना घडल्या, तेव्हा तपासाअंती कंपनीने म्हटलं होतं की दोष आराखड्यात नाही. बाहेरून बसवलेली विजेची उपकरणं, किंवा एक्झॉस्टवर राहून गेलेल्या वस्तू, ही कारणं असावीत. तरीही त्या वर्षी नोव्हेंबरमध्ये कंपनीने सत्तर हजारांहून अधिक गाड्यांच्या एक्झॉस्टला आणि विजेच्या यंत्रणेला जादा संरक्षण मोफत देऊ केलं. त्या वादात कोण किती बरोबर, हे मी ठरवणारा नव्हे. पण एक सोललेली वायर केवढ्या मोठ्या नावाला कामाला लावू शकते, ते त्या वर्षी दिसलं.

तेव्हा थोडं कामाचं बोलू. आजच्या गाडीत फ्यूजच्या साधारण दोन पेट्या असतात. एक डॅशबोर्डखाली, बऱ्याचदा ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळ, आणि दुसरी बॉनेटखाली बॅटरीच्या आसपास. झाकणाच्या आतल्या बाजूला किंवा गाडीसोबतच्या पुस्तकात नकाशा असतो, कुठला फ्यूज कशाचा आणि किती ॲम्पिअरचा. तिथेच अनेकदा प्लॅस्टिकचा छोटा चिमटा आणि एक-दोन जादा फ्यूज असतात. आधी किल्ली बंद करायची. चिमट्याने फ्यूज सरळ ओढायचा आणि उजेडाकडे धरायचा. आतली वळणदार पट्टी अखंड असेल तर दोष दुसरीकडे आहे. तुटली असेल तर त्याच रंगाचा, त्याच आकड्याचा नवा बसवायचा. एवढंच. खर्च चहाच्या एका कपाचा.

विजेवर चालणाऱ्या नव्या गाड्यांतही बारा व्होल्टची अशी पेटी असते आणि तिला हेच नियम लागू. पण त्यांतल्या जाड नारिंगी वायरींना आणि त्या बाजूच्या कशालाही हात लावायचा नाही. तिथे शेकडो व्होल्ट असतात आणि ते काम शिकलेल्या माणसाचंच आहे.

आणि नवा फ्यूजही लगेच उडाला तर? इथेच खरी परीक्षा आहे. आपल्याला घाई असते, पाऊस असतो, मागून हॉर्न वाजत असतात. पण तेव्हा मोठा फ्यूज शोधायचा नाही, चंदेरी कागद तर नाहीच. त्या वाटेवरचं उपकरण बंद ठेवायचं आणि वायर कुठे घासते आहे, हे शोधणारा माणूस गाठायचा. काचेचे जुने फ्यूज तर उडतानाही खूण ठेवून जात. आतली तार मध्येच शांतपणे वितळलेली दिसली तर भार जास्त झाला होता, आणि काच आतून काळी-चंदेरी झाली असेल तर कुठेतरी थेट शॉर्ट. उस्ताद लोक मेलेला फ्यूज फेकून देण्याआधी तो वाचत.

आपण नुसता बदलतो. फ्यूज बदलणं म्हणजे दुरुस्ती नव्हे. जे बिघडलं आहे ते अजून तिथेच आहे. त्या लहानशा तारेने वितळून आपल्याला थोडा वेळ मिळवून दिला आहे, तो कशासाठी वापरायचा हे आपण ठरवायचं.

(रेडिओवरील भाषणाचे संपादित रूप)