जुन्नरी कागद

पुण्याहून सकाळी निघावे आणि दिवे लागणीनंतर घरी यावे, अशा सहलींत जुन्नरचा क्रम बराच वरचा आहे. नाशिकच्या रस्त्याने चाकण, खेड, मंचर मागे टाकीत नारायणगाव गाठावे आणि तेथून डावी वाट धरावी. श्रावणात या वाटेवर एका अंगास भुईमुगाची व सोयाबीनची शेते आणि दुसऱ्या अंगास ढगात शिरलेल्या डोंगरांच्या रांगा दिसू लागतात. थोड्या वेळाने शिवनेरीचा तुटलेला कडा समोर उभा राहतो, आणि मोटारीतील लहान-थोर सारेच एकदम बोलायचे थांबतात. किल्ल्यावर जावे, शिवजन्माच्या जागी माथा टेकावा, लेण्याद्रीच्या पायऱ्या चढून गणपतीचे दर्शन घ्यावे, वाटेत कोठे तरी पिठले-भाकरी खावी आणि परतावे, असा बहुतेक कुटुंबांचा नेम असतो. आमचाही वर्षानुवर्षे तोच होता, आणि त्यात वावगे काही नाही. परंतु ज्या वस्तूवर मराठ्यांचा इतिहास शब्दशः लिहिला गेला ती वस्तू याच गावात होत असे, याची आठवण या नेमात कोठेच येत नाही. ती वस्तू म्हणजे जुन्नरी कागद.

कागदाकडे येण्यापूर्वी लेण्याद्रीवर थोडे थांबले पाहिजे, कारण जुन्नरच्या कारागिरांची गोष्ट तेथून सुरू होते. तीनशेच्या जवळपास पायऱ्या चढून गेलेला भाविक गिरिजात्मजासमोर हात जोडतो आणि बाहेरच्या ओसरीवर वारा खात बसतो. शेजारचेच चैत्यगृह मात्र तो सहसा वरवर पाहून सोडून देतो. त्याच्या दर्शनी भागावर कोरलेल्या ब्राह्मी लेखात, कल्याणच्या हेरणिकाचा पुत्र सुलसदत याने हे चैत्यगृह दान दिले, असे लिहिले आहे. हेरणिक म्हणजे सोन्याचा व्यवहार करणारा. कोणी त्याचा अर्थ सोनार करतात, कोणी कोषाधिकारी. अर्थ कोणताही घ्या, येथे राजाचे नाव नाही. सह्याद्रीच्या पायथ्याच्या बंदरातून घाट चढून आलेल्या एका धंदेवाल्याच्या मुलाने हा डोंगर कोरविला आहे.

जुन्नरच्या भोवताली लेण्याद्री, मानमोडी, शिवनेरी आणि तुळजा या डोंगरांत मिळून दोनशेच्या आसपास खोदकामे आहेत. एका ठिकाणी एवढी गर्दी हिंदुस्थानात फार थोड्या जागी सापडेल. त्यांतील लेखांत यवन आहेत, शक आहेत; मानमोडीच्या डोंगरात महाक्षत्रप नहपानाचा अमात्य अयम याचे दान आहे. पण आमचे लक्ष वेधले ते श्रेणींनी, म्हणजे धंदेवाल्यांच्या संघांनी. धान्याच्या व्यापाऱ्यांच्या श्रेणीने सात खोल्यांचे लेणे आणि पाण्याची पोढी दिल्याचा लेख येथे आहे. दुसऱ्या एका लेखात तर याहूनही विलक्षण मजकूर आहे. तेथे वसकारांकडे दरमहा पावणेदोन आणि कासकारांच्या श्रेणीकडे दरमहा पाव, अशी धर्मकार्यासाठी लावून दिलेली नेमणूक नोंदलेली आहे. हे आकडे शेकडा व्याजाचे की नाण्यांचे, याविषयी पंडितांत एकमत नाही. लेखातील ‘पदूणदुके’ हा शब्द मात्र वाचताक्षणी ओळखीचा वाटतो. दोनात पाव कमी, तो आमचा पावणेदोनच.

वसकार म्हणजे वेळूचे काम करणारा. आजच्या भाषेत बुरूड. कासकार म्हणजे काशाची भांडी घडविणारा. आज बुरुडाकडे कोणी ठेव ठेवील काय? त्या काळी दाता आपले द्रव्य त्याच्या संघाकडे सोपवीत असे. आणि संघ बुडणार नाही, पिढ्यानुपिढ्या ठरलेली रक्कम देत राहील, हा भरवसा दगडावर कोरून ठेवण्याइतका पक्का होता. एखाद्या गावातील कारागिराची प्रतिष्ठा मोजण्यास याहून चांगले माप आम्हांस ठाऊक नाही. टोपल्या विणणारे लोक त्या गावचे पेढीवाले होते!

ही सुबत्ता आली कोठून, हे पाहावयाचे तर पश्चिमेस नाणेघाटाकडे जावे. पण तो वेगळ्या दिवसाचा विषय आहे, आणि पावसाळ्यात तर तेथे धुक्याखेरीज काही हाती लागत नाही. कोकणातील बंदरांतून देशावर येणारा माल या घाटाने चढे. घाटमाथ्यावरील लेण्यात सातवाहन राणी नागनिकेचा यज्ञदक्षिणांचा प्रसिद्ध लेख आहे, आणि त्यातील आकडे हे आपल्या अंकलेखनाच्या सर्वांत जुन्या नमुन्यांत मोजले जातात. जकातीचा म्हणून दाखविला जाणारा दगडी रांजणही तेथेच आहे.

जुन्नर शहर पुढे मुसलमानी अमदानीत पुन्हा वर आले. पंधराव्या शतकाच्या उत्तरार्धात अफानासी निकितिन हा रशियन व्यापारी एक घोडा घेऊन येथे आला आणि पावसाळ्याचे महिने येथे अडकून राहिला. येथील सुभेदाराने त्याचा घोडा हिरावून घेतला आणि धर्म बदलशील तरच परत मिळेल असे बजावले, ही हकीकत त्याने स्वतः लिहून ठेवली आहे. निजामशाहीचा संस्थापक मलिक अहमद याने आपल्या राज्याचा पाया घातला तोही जुन्नरलाच; अहमदनगर त्यानंतर १४९४ मध्ये वसले. राज्य आले की दप्तर येते, आणि दप्तर आले की कागद लागतो. कागदी नावाने ओळखली जाणारी मुसलमान कारागिरांची घरे जुन्नरात नांदू लागली ती या गरजेतून. कागदाची कला चीनमधून निघून हिंदुस्थानात कशी पोचली, याचा मागोवा भांडारकर संस्थेतील परशुराम कृष्ण गोडे यांनी १९४४ साली एका निबंधात घेतला आहे. जिज्ञासूंनी तो अवश्य पाहावा.

हातकागदाची रीत ऐकली म्हणजे त्यामागचे कष्ट ध्यानी येतात. लाकडाचा किंवा गवताचा लगदा हे गिरणीचे प्रकरण. कागदी वापरी ते टाकाऊ ताग: फाटकी गोणपाटे, जुने दोर, चिंध्या आणि रद्दी. हे सारे बारीक तोडून भिजवावयाचे, चुन्यात व खारात मुरू द्यावयाचे, आणि पायाने दाबून चालवावयाच्या जड लाकडी हातोड्याखाली कुटावयाचे. मग नदीवर नेऊन धुवावयाचे, पुन्हा चुना, पुन्हा कुटणे, पुन्हा धुणे. असे किती तरी फेरे झाल्यावर त्याचा पांढुरका रांधा बनतो. तो हौदात पाण्यात कालवावा, आणि हौदाच्या काठाशी बसलेल्या कसबी माणसाने बारीक काड्यांचा साचा त्यात बुडवून अलगद वर उचलावा. पाणी निथळून जाते आणि साच्यावर सायीसारखा थर राहतो, तोच कागद. थरावर थर रचून दगडांखाली दाबतात, मग एकेक ताव सोडवून गुळगुळीत भिंतीला चिकटवून वाळवितात. एवढ्यानेही तो लिहिण्याजोगा होत नाही. त्यावर खळ चढवावी लागते, आणि पुन्हा वाळल्यानंतर फळीवर ठेवून गुळगुळीत दगडाने किंवा शिंपेने घोटावा लागतो.

या घोटण्यात सारे मर्म आहे. मोडी लिपी ही बोरू न उचलता ओळच्या ओळ पळविण्याची लिपी. खरबरीत कागदावर बोरू अडखळतो, खळ न दिलेल्या कागदावर शाई फुटते. कारकुनाची बोटे धावावीत म्हणून कागद्याने आधी तासन् तास दगड फिरविलेला असे. आजही एखादे जुने पत्र उजेडासमोर आडवे धरावे. तीनशे वर्षांनंतरही त्याची झिलई दिसते आणि साच्याच्या काड्यांच्या रेघा आरपार मोजता येतात.

पेशव्यांच्या दप्तरात जुन्नरी आणि दौलताबादी या कागदांची मोठी चलती होती. पुण्यातही हा धंदा आला. कसब्यातील कागदीपुरा ही वस्ती पेशवाईत वसली, आणि तेथील कागदी आपले पूर्वज जुन्नरहून व नाशिकहून आल्याचे सांगत. पुण्याच्या पेशवे दप्तरात आज कोट्यवधी कागद रुमालांत बांधलेले आहेत. सरदेसायांनी १९३० ते १९३४ या काळात त्यांतून निवडलेले ४५ भाग छापले. राजवाडे गावोगाव हिंडून माळ्यांवरची आणि पोत्यांतली पत्रे सोडवीत होते ती याच जातीच्या कागदावरची. उंदीर, वाळवी, गळती छपरे आणि वारसांची बेपर्वाई या चारी संकटांतून जे निभावले, त्याचे श्रेय जसे संशोधकांना तसेच त्या तागाच्या चिवट तंतूंनाही आहे. आम्ही अक्षर वाचतो, शिक्का तपासतो, तिथीचा मेळ घालतो. कागदाकडे मात्र खोटे पत्र पकडावयाचे असेल तेव्हाच पाहतो. विलायती जलचिन्ह दिसले की पत्र शिवकालीन नव्हे, एवढाच काय तो कागदाचा उपयोग!

आणि येथेच जुन्नरची दोन युगे एकमेकांसमोर ठेवावीशी वाटतात. पहिल्या युगातील कारागिराच्या हाती लिहिण्याची सामग्री नव्हती. तरी वसकार आणि कासकार यांची श्रेणी दगडावर राहिली, कारण त्यांच्याकडे द्रव्य होते आणि त्यांच्यावर विश्वास होता. दुसऱ्या युगातील कारागीर लिहिण्याची सामग्रीच तयार करीत होता. त्याच्या तावांवर राजांच्या सनदा, सावकारांचे हिशेब आणि पाटलांचे महजर लिहिले गेले, पण त्या तावावर स्वतःचे नाव घालण्याची त्याची चाल नव्हती. विलायतेतील कागदवाला साच्यात तारेची आकृती गुंफून कागदाच्या पोटात आपली खूण ठेवी. जुन्नरच्या कागदाच्या पोटात फक्त काड्यांच्या रेघा आहेत.

हा धंदा मोडला तो हळूहळू, पण पुरता मोडला. इंग्रजी कचेऱ्यांनी विलायती कागद घेतला. मग बंगालात आणि मागाहून पुण्याजवळ मुंढव्यासही गिरण्या निघाल्या. ज्या गिरणीकडे आपले पुढारी स्वदेशीच्या अभिमानाने पाहात, तीच कागदीपुऱ्याच्या मुळावर आली. आठ दिवस कुटून-धुऊन केलेल्या तावाने यंत्राच्या तावाशी भावात टक्कर द्यावी ही अपेक्षाच चुकीची होती. मोडी मागे पडली, बोरू गेला, टाक आला. टाकाला घोटीव कागदाची गरज राहिली नाही. १९३४ मध्ये वर्ध्यास ग्रामोद्योग संघ स्थापन झाल्यावर हातकागदाकडे पुन्हा लक्ष गेले, आणि १९४० साली पुण्यात शिवाजीनगरला हातकागदाची संस्था निघाली. तेथील कागद सुंदर असतो; परंतु तो लग्नपत्रिकांचा आणि चित्रकारांचा कागद आहे, दप्तराचा नव्हे.

जुन्नरहून परतताना आल्या वाटेने येऊ नये. डोंगरांच्या कुशीतून घोडेगावास उतरावे. येथून पश्चिमेस आंबेगाव तालुक्याचा आदिवासी मुलूख लागतो. महादेव कोळी समाजाची ही जुनी भूमी. भातखाचरांच्या बांधांवर आणि रानात हिरड्याची झाडे आहेत, आणि वाळविलेला बाळहिरडा विकून येणारे पैसे हा अनेक घरांच्या वर्षाच्या खर्चातला मोठा आधार असतो. हिरडा आज औषधाला आणि चामडे कमाविण्यास जातो. पूर्वी हिराकसाबरोबर काळ्या शाईतही पडत असे. म्हणजे बोरूखालचा कागद एका खोऱ्यातला आणि शाईचे फळ शेजारच्या खोऱ्यातले, असा हा शेजार.

घोडेगावापलीकडे डिंभे धरण आहे. संध्याकाळच्या उन्हात हे पाणी इतके देखणे दिसते की पाहणाऱ्याने तेथे तासभर बसून राहावे. या जलाशयास हुतात्मा बाबू गेनूचे नाव दिले आहे. याच तालुक्यातील महाळुंगे पडवळ हे त्याचे गाव. पोटासाठी मुंबईच्या गिरणीत गेलेला हा तरुण १२ डिसेंबर १९३० रोजी विलायती कापड भरून निघालेल्या मोटारीपुढे आडवा झाला आणि तिच्याखाली गेला. त्याच्या नावाच्या या पाण्याखाली जुने आंबेगाव आहे. ज्यावरून तालुक्याचे नाव पडले ते गाव. तालुक्याची कचेरी घोडेगावी आहे, कागदोपत्री नाव आंबेगावचे आहे, आणि गावातील माणसे धरण झाल्यावर इतरत्र जाऊन वसली.

मंचरला पोचेतो अंधार पडू लागला होता. रस्त्याच्या कडेस एक बुरूडीण सुपे आणि टोपल्या आवरीत होती. आमच्या घरी सूप केव्हाच मोडले होते. भाव विचारला, तिने सांगितला, आणि घासाघीस न करता एक घेतले. काठाला वेताची बांधणी घट्ट होती. पुण्यापर्यंत ते मुलांच्या मांडीवर होते.