दार उघडं ठेवलेला किल्ला

एप्रिल २०२०. लॉकडाऊन लागून तीनेक आठवडे झाले होते. आमच्या गल्लीच्या तोंडाला पोरांनी आडवे बांबू बांधले होते, दूधवालाही त्यांच्या पलीकडेच थांबायचा. दिवसभर ऑफिसचं काम आणि रात्री जेवणं उरकली की आम्ही तिघं 'सेव्हन डेज टू डाय'मध्ये भेटायचो. मी सांगलीत घरी. बॅचमधला एक मित्र नागपुरात त्याच्या घरी. माझा हॉस्टेलचा रूममेट मात्र पुण्यात भाड्याच्या फ्लॅटवर, एकटा. त्याचे फ्लॅटमेट आधीच गावी निघून गेले होते, हा राहिला. सर्व्हर त्याच्याच पीसीवर चालायचा.

गेम खेळला नसेल तर थोडक्यात सांगतो. सहा दिवस लाकूड, दगड, लोखंड गोळा करायचं आणि त्यातून आपला तळ बांधायचा. त्याला सगळे 'बेस'च म्हणतात. सातव्या रात्री चंद्र लाल होतो आणि गेमच्या घड्याळात रात्री दहा ते पहाटे चारपर्यंत झॉम्बींच्या लाटा येत राहतात. तुम्ही कुठे आहात हे त्यांना माहीत असतं. लपून उपयोग नाही.

आमचा बेस ४९व्या रात्री पडला. झॉम्बींनी पाडला, असं मी पुढे बरेच दिवस सांगत होतो.

झॉम्बी मुळात घरावर चाल करून येणारा प्राणीच नव्हता. तो हैतीचा. तिथल्या फ्रेंचांच्या उसाच्या मळ्यांवर आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांना राबवलं जायचं. मरणानंतर तरी सुटका होईल ही त्यांची आशा, आणि मेल्यावरही कुणी मांत्रिक आपल्याला उठवून पुन्हा राबवेल ही भीती. म्हणजे भीती झॉम्बीची नव्हती, झॉम्बी होण्याची होती. १९१५ ते १९३४ हैती अमेरिकेच्या ताब्यात होता. त्या काळात ही कल्पना अमेरिकेत पोचली. १९२९मध्ये विल्यम सीब्रुकचं 'द मॅजिक आयलंड' हे पुस्तक आलं, १९३२मध्ये 'व्हाइट झॉम्बी' हा सिनेमा. त्या सिनेमातही झॉम्बी साखरेच्या गिरणीत काम करताना दिसतात. कुणाचं दार वाजवत फिरत नाहीत.

दार वाजवायला लावलं ते जॉर्ज रोमेरोने, १९६८मध्ये. 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' हा पिट्सबर्गच्या आसपास अगदी कमी पैशांत काढलेला ब्लॅक अँड व्हाइट सिनेमा. शेतातलं एक घर, आत अडकलेली सात माणसं, बाहेर वाढत जाणारी प्रेतांची गर्दी. बेन हा नायक घरातली टेबलं, दारं, फळ्या तोडून खिडक्यांवर खिळे ठोकत सुटतो. आज आपण कुठल्याही गेममध्ये फळी उचलून खिडकीवर मारतो, ती इथली. गंमत म्हणजे अख्ख्या सिनेमात 'झॉम्बी' हा शब्द एकदाही येत नाही.

सिनेमाचं नाव आयत्या वेळी बदललं आणि नवं नाव घालताना कॉपीराइटची ओळ पडद्यावर टाकायची राहून गेली. तेव्हाच्या अमेरिकी कायद्याप्रमाणे एवढ्यावरून सिनेमावरचा हक्क गेला. हा खरा रिलीज-डे बग. रोमेरोच्या टीमचं नुकसान झालं, पण तो सिनेमा कुणालाही दाखवता आला, कापता आला, वापरता आला. झॉम्बी इतके पसरले त्यात या चुकीचा हात मोठा आहे.

त्या घरातलं मोठं भांडण मात्र झॉम्बींशी नाही. हॅरी कूपर नावाचा माणूस हटून बसलेला असतो की तळघरात जाऊ, तिथे एकच दार आहे. बेन म्हणतो तळघर म्हणजे सापळा, वर थांबू, निदान पळायला वाट राहील. रात्रभर हाच वाद. झॉम्बी गेम खेळणारे आजही तो घालत असतात: जमिनीखाली की उंचावर?

गेम्समध्ये हे घर हळूहळू आलं. २००८च्या 'कॉल ऑफ ड्यूटी: वर्ल्ड ॲट वॉर'मध्ये बोनस म्हणून एक झॉम्बी मोड होता. पडका बंकर, खिडक्यांवर फळ्या, झॉम्बी त्या उपटतात, तुम्ही परत लावता. पण घर त्यांनी दिलेलं. स्वतः बांधलेल्या घराची मजा 'माइनक्राफ्ट'ने दिली. स्वीडनच्या मार्कस पर्सनने २००९च्या मे महिन्यात तो पहिल्यांदा लोकांसमोर ठेवला आणि सप्टेंबरमध्ये त्यात झॉम्बी सोडले. तिथला झॉम्बी गरीब बिचारा. 'हार्ड' लेव्हलवर तो लाकडी दार फोडतो, पण मातीच्या एका थराची भिंत त्याला भारी पडते. तिथे खरं शस्त्र म्हणजे मशाल, कारण झॉम्बी अंधारात जन्माला येतात. उजेड केला की निम्मी लढाई संपली.

'सेव्हन डेज टू डाय'ने हा आधार काढून घेतला. २०१३मध्ये द फन पिंप्स या कंपनीने किकस्टार्टरवर २ लाख डॉलर मागितले, लोकांनी ५ लाखांहून जास्त दिले, आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये गेम स्टीमवर आला. इथे झॉम्बी सगळं फोडतात: माती, लाकूड, काँक्रीट, पोलादसुद्धा. शिवाय प्रत्येक ब्लॉकला वजन पेलायची मर्यादा आहे. खालचा आधार गेला की वरचं सगळं कोसळतं. सिव्हिलवाल्या मित्रांना हे ऐकून फार बरं वाटतं.

त्याच महिन्यात 'रस्ट' हा आणखी एक बेस बांधायचा गेमही झॉम्बींसकट आला होता. त्यांनी काही महिन्यांतच झॉम्बी काढून टाकले. दुसरे खेळाडू पुरेसे होते.

मग २०१८च्या शेवटी 'सेव्हन डेज'ची अल्फा १७ ही आवृत्ती आली आणि झॉम्बी एकदम हिशेबी झाले. यासाठी पुन्हा १९६८ला जावं लागतं. रोमेरोचा सिनेमा थिएटरात लागला त्याच वर्षी स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटमधल्या पीटर हार्ट, निल्स निल्सन आणि बर्ट्रम राफेल यांनी 'ए-स्टार' या अल्गोरिदमचा पेपर छापला. तिथे शेकी नावाचा एक रोबो होता, त्याला अडथळे टाळून खोल्यांमधून वाट काढायची होती. इंजिनीअरिंगच्या व्हायव्हात मी हा अल्गोरिदम घोकून म्हटला होता: आतापर्यंत झालेला खर्च अधिक उरलेल्या वाटेचा अंदाज, ज्याची बेरीज सर्वांत कमी ती वाट आधी तपासा. गेममधली पात्रं तुमच्यापर्यंत वाट काढत येतात, त्यामागे बहुतेकदा हीच कल्पना असते. घराला वेढा घालणारं प्रेत आणि त्याला वाट दाखवणारं गणित, दोन्ही एकाच वर्षाची.

अल्फा १७पासून भिंत म्हणजे बंद रस्ता राहिला नाही, महागडा टोलनाका झाला. फोडायला किती घाव लागतील हेही खर्चात धरलं जातं, आणि वळसा स्वस्त पडत असेल तर झॉम्बी वळसा घालतात. जमिनीखाली लपलात तर खोदत येतात. जुने खेळाडू भयंकर चिडले. झॉम्बींना इंजिनीअरिंगची डिग्री दिली, अशी तक्रार सगळीकडे होती. पण थोड्याच दिवसांत लोकांना उलटी बाजू कळली. जो हिशेबाने वागतो त्याला हिशेबानेच फसवता येतं. चारही बाजू बंद केल्या तर झॉम्बी कुठूनही फोडतील. एक वाट मुद्दाम उघडी ठेवली तर बहुतेक सगळे तिथूनच येतील.

आमचा बेस तसाच होता. सहा काँक्रीटचे खांब, वर माळा, एका बाजूने जिना आणि जिन्यापासून माळ्यापर्यंत एकाच ब्लॉकच्या रुंदीचा पूल. पुलाच्या टोकाला लोखंडी गजांमागे आम्ही भाले घेऊन उभे. आलेला झॉम्बी खाली पडायचा, उठायचा, फिरून पुन्हा जिन्याला लागायचा. मी या रचनेला गोमुखी म्हणायचो. लहानपणी दिवाळीच्या किल्ल्याला मी रायगडासारखा, दोन बुरुजांच्या वळणात दडलेला दरवाजा करायचो. तसं हे अर्थातच नव्हतं. रायगडाला दार लपवायचं होतं, आम्हाला ते दाखवायचं होतं. पण शत्रू आपण ठरवलेल्या अरुंद जागेत यावा, हे सारखंच.

रूममेटला हे पटत नव्हतं. "खाली जाऊ ना यार, वर उघड्यावर कशाला उभं राहायचं?" दर आठवड्याला तेच. मी त्याला पॅचनोट्स वाचून दाखवायचो. नागपूरवाला मध्ये पडायचा नाही, गप्प बसून खिळ्यांचे सापळे दुरुस्त करायचा.

४९व्या रात्री लढाई सुरू झाली तेव्हा रूममेट माळ्यावर नव्हता. आम्ही झोपलो की तो रात्री एकटाच सर्व्हरवर येऊन खोदत बसायचा, हे तेव्हा कळलं. आमच्या खांबांच्या बरोबर खाली त्याने तळघर केलं होतं आणि आत शिरून झाकण लावून घेतलं होतं. झॉम्बी जवळचा खेळाडू गाठायला बघतात. निम्मी गर्दी जिना सोडून जमिनीवर हाणायला लागली. पहिल्या खांबाखालची माती गेली, मग दुसऱ्या. माळा आमच्यासकट खाली आला.

मी कॉलवर ओरडलो. "एवढी भीती वाटते तर खेळतोस कशाला?" असं काहीतरी. तो "बरं" म्हणाला. दुसऱ्या दिवशी सर्व्हर बंद होता, नंतर तो लागलाच नाही.

दिवाळीच्या सुमारास नागपूरवाल्याने सांगितलं की त्या आठवड्यात रूममेटला ताप होता. सोसायटीत कळलं तर काय होईल या धास्तीने त्याने कुणालाच सांगितलं नव्हतं, घरीसुद्धा नाही. दिवसा दार लावून पडून राहायचा आणि रात्री आमच्याशी खेळायचा.

रोमेरोचा सिनेमा मी त्यानंतर पाहिला. वरचं घर पडतं आणि बेन शेवटी त्याच तळघरात जाऊन जीव वाचवतो, ज्याला तो रात्रभर सापळा म्हणत होता. सकाळी बंदूकधारी माणसं येतात. खिडकीत तो दिसतो, ते त्याला प्रेत समजतात आणि गोळी घालतात. कूपरचं बरोबर होतं की बेनचं, यावर लोक अजून वाद घालतात. मी पाहिला तेव्हा माझं लक्ष त्यात नव्हतं. मध्येच थांबवून मी रूममेटचा नंबर काढला आणि लावला नाही.

२०२४च्या जुलैमध्ये गेमची १.० आवृत्ती आली, किकस्टार्टरनंतर अकरा वर्षांनी. मी त्याला लिंक पाठवली आणि खाली लिहिलं, त्या रात्रीबद्दल सॉरी. दोन दिवसांनी उत्तर आलं: "तळघर करू देणार का?"

आता शनिवारी रात्री खेळतो. सर्व्हर माझ्याकडे आहे. तळघर त्याने खोदलं, काँक्रीट मी ओतलं. ते खांबांपासून चाळीस ब्लॉक लांब आहे, तेवढ्यावर मात्र मी अडून बसलो.