नाव एकाचे, गल्ला दुसऱ्याचा

फ्रँचायझी म्हणजे एकाच्या नावावर, त्याने घालून दिलेल्या पद्धतीने, दुसऱ्याने स्वतःच्या पैशाने चालवलेला धंदा. जागेचे डिपॉझिट, यंत्रे, फर्निचर, नोकरांचे पगार आणि झालाच तर तोटा, हे सगळे चालवणाऱ्याच्या अंगावर; पाटीवरचे नाव, मालाची कृती आणि नियम मूळ कंपनीचे. ही पद्धत आजच्या रूपात अमेरिकेत घडली आणि घडायला तिला शंभर वर्षांहून अधिक काळ लागला. त्या काळातले बहुतेक तंटे एकाच मुद्द्यावर येऊन थांबतात: नाव देणाऱ्याला पैसा मिळतो तो चालवणाऱ्याचे दुकान चालल्यामुळे, की त्याचे चालो न चालो?

शिवणयंत्रे बनवणारी सिंगर ही फ्रँचायझीची जननी, असे अनेक ठिकाणी छापलेले असते. ते अर्धेच खरे आहे. १८५० च्या दशकाच्या सुरुवातीला आयझॅक सिंगर आणि त्याचा वकील भागीदार एडवर्ड क्लार्क यांच्याकडे यंत्र होते, पण गावोगावी दुकाने उघडण्याइतके भांडवल नव्हते. म्हणून त्यांनी मुलखाचे हक्क विकले. एकाने रोख मोजायचे आणि ठरलेल्या भागात यंत्रे विकायची. कंपनीला हातात पैसा मिळाला, पण शंभर डॉलरहून महाग यंत्र घेतलेल्या बाईला ते चालवायला शिकवणे, बिघडले तर दुरुस्त करणे, हे कोणाचे काम ते ठरलेलेच नव्हते. हक्क विकत घेतलेल्यांवर कंपनीचा वचकही राहिला नाही. तेव्हा सिंगरने हे हक्क परत घेत स्वतःच्या शाखा उघडायला सुरुवात केली आणि १८५६ पासून क्लार्कच्या कल्पनेनुसार यंत्रे हप्त्याने विकली. सिंगरचे साम्राज्य उभे राहिले ते शाखांवर आणि हप्त्यांवर.

आजच्या फ्रँचायझीच्या अधिक जवळ जाते ते मार्था हार्परचे काम, आणि इतिहासात त्याला मिळालेली जागा त्याच्या मोलाच्या मानाने फारच थोडी आहे. कॅनडात जन्मलेली मार्था सात वर्षांची असल्यापासून दुसऱ्यांच्या घरी मोलकरीण होती. १८८८ मध्ये तिने साठवलेल्या ३६० डॉलरमधून न्यूयॉर्क राज्यातल्या रॉचेस्टर शहरात बायकांसाठी केशप्रसाधनाचे दुकान काढले. स्वतःचे जमिनीपर्यंत पोचणारे केस हीच तिची जाहिरात. १८९१ पासून तिने आपल्या नावाची दुकाने इतर बायकांना काढून द्यायला सुरुवात केली आणि त्यासाठी मुद्दाम पूर्वी घरकाम केलेल्या बायका निवडल्या. प्रशिक्षण तिचे, तेले आणि साबण तिचे, खुर्च्या तिच्या पसंतीच्या; मालकी मात्र चालवणारीची. भरभराटीच्या काळात अशी पाचशेच्या वर दुकाने होती. ज्यांच्या हातात कधी स्वतःचा गल्ला आला नव्हता, त्या बायका या वाटेने दुकानाच्या मालकिणी झाल्या.

१८९९ मध्ये कोका-कोलाने केलेला करार दुसऱ्या टोकाचा. चॅटनूगा गावचे बेंजामिन थॉमस आणि जोसेफ व्हाइटहेड हे दोन वकील कंपनीचे मालक एसा कँडलर यांच्याकडे गेले आणि पेय बाटलीत भरून विकण्याचा हक्क मागितला. कँडलर यांना बाटलीच्या धंद्यावर भरवसा नव्हता. त्यांनी हक्क देऊन टाकला, नाममात्र एका डॉलरला. सरबताचा मूळ अर्क गॅलनला एक डॉलर या भावाने कंपनीने पुरवायचा, आणि कराराला मुदत नाही. दोघांनी मुलखाचे तुकडे पाडून ते पुढच्या बाटलीवाल्यांना दिले. १९०९ पर्यंत सुमारे चारशे कारखाने उभे राहिले, बहुतेक एकेका कुटुंबाचे. नाव कंपनीचे असले तरी या करारात कंपनीच अडकली होती. पहिल्या महायुद्धानंतर साखर कडाडली, तेव्हा ठरलेल्या भावात अर्क देणे कंपनीला परवडेना. तिने करार मोडू पाहताच बाटलीवाले कोर्टात गेले. १९२१ मध्ये तडजोड झाली आणि अर्काचा भाव साखरेच्या भावाशी बांधला गेला. नाव घेणाऱ्यांची बाजू इतकी भक्कम असण्याचा प्रसंग या इतिहासात पुन्हा क्वचितच आला.

मोटारींच्या धंद्यात पारडे उलट झुकले. फोर्ड कंपनीची गाडी विकणारा डीलर स्वतःच्या पैशाने शोरूम बांधी, गाड्या रोखीने घेई आणि एकाच कंपनीचा माल विके. १९१९ मध्ये हेन्री फोर्डने इतर भागधारकांचे हिस्से विकत घेण्यासाठी ७.५ कोटी डॉलरचे कर्ज काढले. पुढच्याच वर्षी मंदी आली, गिऱ्हाईक आटले आणि परतफेड तोंडावर आली. फोर्डने बँकेपुढे हात पसरण्याऐवजी, १९२१ च्या सुरुवातीला कोठारात पडलेल्या सुट्या भागांतून हजारो गाड्या जोडून काढल्या आणि मागणी नसतानाच त्या डीलरांकडे रेल्वेने रवाना केल्या. गाडी स्टेशनात येई, पण बिल्टी बँकेत असे. पैसे भरून ती सोडवल्याशिवाय माल हाती येत नसे. आधीच्या गाड्या शोरूममध्ये धूळ खात असताना डीलर स्थानिक बँकेकडे कर्जासाठी जात होते, कारण माल नाकारला तर एजन्सी जाण्याची भीती होती. कंपनीचे कर्ज फिटले. ते फिटले गावोगावच्या डीलरांनी काढलेल्या कर्जातून. अमेरिकेच्या संसदेने मोटार डीलरांना कंपनीच्या सक्तीविरुद्ध कोर्टात दाद मागण्याचा हक्क कायद्याने दिला तो १९५६ मध्ये. मधल्या ३५ वर्षांत दुकान उभारलेल्या किती डीलरांच्या डोक्यावर ही टांगती तलवार होती, याची कल्पना यावरून येते.

रस्त्याकडेची खानावळ या पद्धतीत आली ती मोटारींच्या मागोमाग. हॉवर्ड जॉन्सन यांनी १९३५ मध्ये मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या केप कॉड भागात आपल्या नावाचे पहिले उपाहारगृह दुसऱ्याला चालवायला दिले. नारिंगी छप्पर दुरून ओळखू येई, आणि आइस्क्रीम कंपनीकडूनच घ्यावे लागे. नाव देणाऱ्याची कमाई मालाच्या विक्रीत होती. 

१९५४ मध्ये मिल्कशेक घुसळण्याची यंत्रे विकणारा ५२ वर्षांचा रे क्रॉक कॅलिफोर्नियातल्या सॅन बर्नार्डिनो गावी रिचर्ड आणि मॉरिस मॅक्डोनाल्ड या भावांचे दुकान पाहायला गेला. मोजके पदार्थ, कारखान्यासारखी कामाची वाटणी, पंधरा सेंटला हॅम्बर्गर. क्रॉकने देशभर फ्रँचायझी देण्याचा हक्क मिळवला आणि १५ एप्रिल १९५५ रोजी शिकागोजवळच्या डेस प्लेन्स येथे स्वतःचे पहिले दुकान उघडले. त्याच्या अटी सौम्य होत्या: सुरुवातीला ९५० डॉलर आणि विक्रीच्या १.९ टक्के. त्यातला ०.५ टक्का भावांचा. वर्षाला २ लाख डॉलरची विक्री करणाऱ्या दुकानातून कंपनीच्या वाट्याला येत होते २,८०० डॉलर. तेवढ्यात देखरेख, प्रशिक्षण, जागांचा शोध भागेना. पुरवठादारांकडून कमिशन खाऊन हे भरून काढणे सोपे होते; इतर कंपन्या तेच करत. क्रॉकने ते टाळले. घाऊक खरेदीत मिळालेली सूट त्याने दुकानदारांच्या पदरात जाऊ दिली आणि हा त्याच्या यशाचा फारसा न सांगितला जाणारा भाग आहे.

पैसा आला जमिनीतून. कंपनीचे आर्थिक व्यवहार पाहणारा हॅरी सॉनबर्न याने १९५६ मध्ये वेगळी जमीन कंपनी काढली. ती मोक्याची जागा दीर्घ मुदतीने भाड्याने घेई आणि चढ्या भाड्याने दुकान चालवणाऱ्याला देई. भाडे ठरीव रक्कम किंवा विक्रीचा ठरावीक टक्का, यांपैकी जे जास्त असेल ते. त्यामुळे दुकानाची विक्री वाढणे कंपनीच्याही हिताचे झाले. पण विक्री पडली तरी ठरीव भाडे चुकत नव्हते, आणि नियम मोडणाऱ्याला जागाच सोडावी लागेल असा बंदोबस्तही त्यात आपोआप झाला. मालक म्हणवणारा दुकानदार या व्यवस्थेत कंपनीचा भाडेकरूही झाला.

दुकानदाराच्या हुशारीचे काय होते, हे सिनसिनाटीच्या लू ग्रोन यांच्या मॅक्डोनाल्डच्या दुकानात दिसले. त्यांची वस्ती बहुतांश कॅथलिक, आणि त्या काळी कॅथलिक मंडळी शुक्रवारी मांस खात नसत. एखाद्या शुक्रवारी दिवसभराचा गल्ला ७५ डॉलरवर यायचा. ग्रोन यांनी पिठात बुडवून तळलेल्या माशाचे सँडविच तयार केले आणि ते घेऊन क्रॉककडे शिकागोला गेले. क्रॉकला दुकानात माशाचा वास नको होता. त्याच्या मनात भाजलेल्या अननसाची चकती आणि चीज घातलेला पाव होता. १९६२ च्या गुड फ्रायडेला दोन्ही पदार्थ समोरासमोर विकायचे ठरले. मासा खपला ३५०, अननस सहा. मासा राहिला, भाव २५ सेंटवर आणण्यासाठी ग्रोन यांच्या महागड्या हॅलिबटऐवजी कॉड वापरायचे तेवढे ठरले. बिग मॅक हा बर्गरही असाच एका दुकानदाराचा, पेनसिल्व्हेनियातल्या जिम डेलिगॅटी यांचा. तो १९६७ मध्ये त्यांच्या युनियनटाउनच्या दुकानात सुरू झाला आणि वर्षभरात देशभर गेला. त्यावर डेलिगॅटी यांना रॉयल्टी मिळाली नाही. नव्या कल्पना कंपनीच्या मालकीच्या, ही अट आज जवळपास प्रत्येक फ्रँचायझी करारात असते.

क्रॉकचे यश पाहून १९६० च्या दशकात नावे विकणाऱ्यांचे पेव फुटले. टेनेसीमध्ये मिनी पर्ल या लोकप्रिय विनोदी कलाकाराच्या नावाने चिकनची दुकाने निघाली. शेकडो हक्क विकले गेले; प्रत्यक्ष उघडलेली दुकाने त्या मानाने थोडीच होती, आणि पदार्थांचा धड मेळही बसलेला नव्हता. कंपनी मात्र हक्क विकल्याबरोबर पूर्ण फी नफा म्हणून दाखवी, मग शेअरचा भाव चढे. दशक संपता संपता हा डोलारा कोसळला. चिकन डिलाइट कंपनीची तऱ्हा वेगळी. ती रॉयल्टी घेत नसे; त्याऐवजी भांडी, मसाल्याची पिठे आणि कागदी खोकी बाजारभावाहून महाग दराने आपल्याकडूनच घ्यायला लावी. दुकानदार कोर्टात गेले आणि १९७१ मध्ये अपील कोर्टाने ही सक्ती स्पर्धेच्या कायद्याविरुद्ध ठरवली. नाव वापरायला देताना सोबत खोकी गळ्यात मारता येणार नाहीत, असा त्या निकालाचा आशय होता.

या पडझडीनंतरच कायदा हलला. कॅलिफोर्नियाने १९७० मध्ये फ्रँचायझी देणाऱ्याने माहिती उघड करावी असा कायदा केला, आणि १९७९ पासून केंद्रीय व्यापार आयोगाचा नियम देशभर लागू झाला. २००७ मध्ये सुधारलेल्या नियमानुसार करारावर सही करण्याआधी किमान १४ दिवस इच्छुकाच्या हाती माहितीपत्रक पडावे लागते. त्यात कंपनीवरचे खटले, सुरुवातीचा एकूण खर्च, कोणता माल कोणाकडून घ्यावा लागेल आणि त्यावर कंपनीला काय मिळते, गेल्या काही वर्षांत किती दुकाने उघडली व बंद पडली, एवढेच नव्हे तर सोडून गेलेल्या दुकानदारांची नावे आणि फोन नंबरही असतात. इच्छुकासाठी ही नावे सर्वांत मोलाची, कारण खरी हकीकत सोडून गेलेलाच सांगतो. मात्र एका दुकानातून कमाई किती होते हे सांगण्याची सक्ती कंपनीवर आजही नाही. रॉयल्टी साधारणपणे विक्रीवर लागते, नफ्यावर नाही, ही गोष्टही अनेकांना पहिल्या वर्षाचा हिशेब मांडतानाच उमगते. महिन्याला १० लाखांची विक्री आणि ६ टक्के रॉयल्टी असेल, तर ६० हजार द्यावेच लागतात, मग त्या महिन्यात दुकानदाराच्या हाती काही उरो अथवा न उरो.

नियमांनी माहिती दिली, पण सौद्यातली ताकद दिली नाही. ती मिळवण्याचा प्रयत्न अमेरिकेतल्या भारतीयांनी केला. महामार्गांवरची मोटेले मोठ्या संख्येने गुजराती कुटुंबांच्या हाती आली होती. १९८९ मध्ये अटलांटात या मालकांची संघटना स्थापन झाली आणि १९९८ मध्ये तिने न्याय्य फ्रँचायझीची बारा कलमे मांडली. एकाच नावाचे दुसरे मोटेल शेजारी उघडू नये, करार मुदतीआधी सोडताना जबर दंड नसावा, पुरवठादारांकडून कंपनीला मिळणाऱ्या कमिशनचा हिशेब उघड असावा, अशा त्या मागण्या होत्या. फोर्डच्या डीलरांची आणि चिकन डिलाइटच्या दुकानदारांची गाऱ्हाणी त्यांत जशीच्या तशी वाचता येतात.

भारतात या पद्धतीचा मोठा कायदेशीर प्रसंग पुन्हा बाटल्यांवरूनच घडला. मुंबईच्या पार्ले कंपनीची थम्स अप, लिम्का, गोल्ड स्पॉट ही पेये देशभर बाहेरच्या मालकांचे कारखानेही भरत असत. १९९३ मध्ये पार्लेने ही नावे कोका-कोलाला विकली आणि कारखानदारांचा धनी एका रात्रीत बदलला. अहमदाबाद व राजकोट येथे कारखाने असलेल्या गुजरात बॉटलिंग कंपनीची मालकी पुढे पेप्सीच्या बाजूला गेली, तेव्हा कोका-कोलाने कोर्ट गाठले. करार चालू असेपर्यंत प्रतिस्पर्ध्याचा माल भरायचा नाही, ही अट धंद्यावरची बेकायदा बंदी आहे असे कारखान्याचे म्हणणे होते. १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळले: करार कायद्याच्या २७ व्या कलमाची आडकाठी मुदतीच्या काळातल्या अशा अटीला येत नाही. कारखाना, यंत्रे, कामगार एकाचे. पण त्यात काय भरायचे, हे नाव देणाऱ्याने करारातून ठरवलेले, ही स्थिती भारतीय कायद्यानेही मान्य केली.

भारतात फ्रँचायझीसाठी वेगळा कायदा नाही. सही होण्याआधी माहितीपत्रक देण्याचे बंधन नाही, बंद पडलेल्या दुकानांची यादी देण्याचेही नाही. व्यवहार १८७२ चा करार कायदा, १९९९ चा ट्रेडमार्क कायदा आणि कागदावर लिहिलेल्या अटी यांवर चालतो. त्या अटींचा मसुदा बहुधा कंपनीचाच असतो. मुदत किती, नूतनीकरण कोणाच्या मर्जीवर, माल कोणाकडून घ्यायचा, शेजारी दुसरे दुकान निघाले तर काय, आणि तंटा झाल्यास दाद कोणत्या शहरात मागायची, हे सगळे त्या मसुद्यातच ठरते.