विश्लेषण : लढतात जवान, मग पदक जनरलला का?

मीरा रोडचे मेजर कौस्तुभ राणे ऑगस्ट 2018 मध्ये काश्मीरच्या गुरेझ भागात घुसखोरांशी लढताना शहीद झाले. सेना पदक मिळवलेल्या अशा अधिकाऱ्याच्या सन्मानाबद्दल कुणी शंका घेत नाही. पण मुख्यालयातून आदेश देणाऱ्या जनरललाही पदक मिळते, तेव्हा प्रश्न उपस्थित होतो.

दोन्ही पदके एकच का?

नाही. परमवीर, महावीर आणि वीर चक्र ही शत्रूसमोर दाखवलेल्या शौर्याची पदके आहेत. युद्धकाळातील नेतृत्व आणि विशेष सेवेसाठी 1980 मध्ये सर्वोत्तम युद्ध सेवा, उत्तम युद्ध सेवा आणि युद्ध सेवा पदके सुरू झाली. ऑपरेशन सिंदूरनंतर ऑगस्ट 2025 मध्ये सात वरिष्ठ अधिकाऱ्यांना सर्वोत्तम युद्ध सेवा पदक जाहीर झाले.

वरिष्ठाला शौर्यपदक मिळू शकते का?

मिळते, पण तो स्वतः धोक्यात उतरला असेल तर. अरुणकुमार वैद्य यांना 1965 मध्ये लेफ्टनंट कर्नल असताना आणि 1971 मध्ये ब्रिगेडियर असताना, असे दोनदा महावीर चक्र मिळाले. दोन्ही वेळा ते रणगाड्यांच्या लढाईत आघाडीवर होते.

पुढे 1984 मध्ये ऑपरेशन ब्लू स्टार झाले, तेव्हा तेच लष्करप्रमुख होते. 10 ऑगस्ट 1986 रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली आणि 1987 मध्ये त्यांना मरणोत्तर पद्मविभूषण मिळाले. ब्लू स्टारचा वाद मात्र आजही मिटलेला नाही. रणांगणावरचे शौर्य आणि सरकारच्या निर्णयाची अंमलबजावणी यांचे मोजमाप वेगळेच करावे लागते.

खरी अडचण कुठे आहे?

शिफारशीत. कोण कसा लढला, हे वरिष्ठाच्या अहवालावरून ठरते. कारगिल युद्धात बटालिक भागात लढलेल्या ब्रिगेडचे प्रमुख देविंदर सिंग यांना युद्धकाळातील पदक न देता विशिष्ट सेवा पदक देण्यात आले. अहवालात आपल्यावर अन्याय झाल्याची त्यांची तक्रार होती. सशस्त्र दल न्यायाधिकरणाने 2010 मध्ये ती मान्य करून नोंदी दुरुस्त करण्याचा आदेश दिला. तोवर युद्धाला अकरा वर्षे होत आली होती.

मग जनरलला पदक द्यावे का?

सेनापतीच्या एका चुकीच्या निर्णयाने शेकडो जीव जातात, तसेच अचूक निर्णयाने वाचतातही. त्यामुळे नेतृत्वाचा सन्मान गैर नाही. मात्र वरिष्ठ आपल्याच मोहिमेचा अहवाल लिहीत असेल, तर तो तटस्थपणे तपासला गेला पाहिजे. नाहीतर यशाचे श्रेय वर जाते आणि अपयशाचे खापर खालच्यांवर फुटते.