खामगावचा कापूसबाजार आणि अडत्याचा परवाना

खामगावच्या कापूसव्यापाराची सुरुवात साधारण १८२० च्या सुमारास झाली. काही व्यापाऱ्यांनी तेथे दुकाने थाटली. आरंभी तूप, सूत आणि थोडा कापूस एवढाच त्यांचा माल होता. १८५३ मध्ये वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आले. पुढे अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात (१८६१ ते १८६५) तिकडचा कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, तेव्हा वऱ्हाडच्या काळ्या जमिनीतील कापसाला भलताच भाव आला. खामगाव वऱ्हाडातील सर्वांत मोठ्या कापूसपेठांत गणले जाऊ लागले. १८७० मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांच्या हस्ते जलंब ते खामगाव हा लोहमार्ग सुरू झाला आणि येथील गाठी थेट मुंबईच्या बंदराकडे निघाल्या.

या व्यवहाराच्या दोन्ही टोकांना मध्यस्थ होता. खामगावात बैलगाडी घेऊन आलेल्या शेतकऱ्याला माल विकून देणारा अडत्या गाठावा लागे. मुंबईत निर्यातदाराला जकातघरातील कागद पुढे सरकवणारा दलाल लागे. सरकारचे लक्ष आधी बंदराकडे गेले, कारण तेथे महसूल अडकलेला होता. १८७८ च्या सागरी सीमाशुल्क कायद्याने जकातघरात दुसऱ्याच्या वतीने काम करणाऱ्याला परवाना सक्तीचा केला. गैरवर्तन केल्यास तो निलंबित करण्याचा किंवा काढून घेण्याचा अधिकार जकात अधिकाऱ्याला मिळाला. शेतकऱ्याच्या बाजारात असा परवाना यायला आणखी जवळपास वीस वर्षे लागली.

त्या वर्षांत शेतकऱ्याचे नुकसान अनेक वाटांनी होई. रुमालाखाली बोटे दाबून भाव ठरवण्याची रीत देशभरच्या बाजारांत होती, आणि ज्याचा माल त्यालाच भाव कळत नसे. अडत, तोलाई, हमाली, धर्मादाय, कडता (वजनातील घट) अशी कपात होई. हंगामापूर्वी ज्या अडत्याकडून उचल घेतली असेल, त्याच्याच दारी माल नेणे शेतकऱ्याला भाग असे. माप आणि मापारी या दोहोंवर शेतकऱ्याचा काहीही ताबा नव्हता.

१८९७ मध्ये वऱ्हाडचा कारभार पाहणाऱ्या हैदराबादच्या इंग्रज रेसिडेंटच्या आदेशाने ‘वऱ्हाड कापूस व धान्य बाजार कायदा’ लागू झाला. भारतातील बाजार नियमनाचा हा पहिला मोठा कायदा मानला जातो. रेसिडेंटला एखादे ठिकाण बाजार म्हणून जाहीर करता येई आणि तेथील कारभार समितीकडे सोपवला जाई. दलाल आणि मापाऱ्यांना परवाना घ्यावा लागे. अनधिकृत बाजार भरवणाऱ्याला शिक्षा होती. पाया चांगला घातला गेला, पण समितीत व्यापाऱ्यांचेच वजन होते. उरलेल्या जागा नगरपालिकेकडे होत्या आणि कापूस पिकवणाऱ्याला एकही जागा नव्हती. परवाना देणारे आणि घेणारे एकाच पेढीवर बसणारे असतील, तर परवाना काढून घेण्याची धमकी कोणाला घाबरवणार? १९२८ च्या शाही कृषी आयोगाने नेमक्या याच उणिवेवर बोट ठेवले.

पुढे मध्य प्रांत व वऱ्हाडात १९३२ मध्ये कापूस बाजारांसाठी आणि १९३५ मध्ये इतर शेतमालासाठी कायदे झाले. १९५६ मध्ये वऱ्हाडासह विदर्भ मुंबई राज्यात आला. १९६० मध्ये महाराष्ट्र स्थापन झाल्यावर सर्व विभागांसाठी एकच कायदा हवा होता. तो १९६३ मध्ये मंजूर झाला आणि १९६७ पासून अमलात आला. व्यापारी, अडत्या, दलाल, प्रक्रिया करणारा, मापारी, गोदामवाला या सर्वांना बाजार समितीचा परवाना आवश्यक झाला. परवाना देण्याबरोबर त्याचे नूतनीकरण करण्याचा किंवा कारणे नोंदवून ते नाकारण्याचा अधिकारही समितीला मिळाला. लबाडीने मिळवलेला परवाना रद्द करता येतो. इतर परवानाधारकांशी संगनमत करून बाजार बंद पाडणाऱ्यावरही तीच कारवाई होते. निर्णयाविरुद्ध तीस दिवसांत अपील करता येते. समितीची रचनाही बदलली. आजच्या प्रचलित रचनेत अठरा सदस्यांपैकी पंधरा शेतकऱ्यांच्या बाजूचे असतात, दोन व्यापारी-अडत्यांचे आणि एक हमाल-मापाऱ्यांचा. या पंधरापैकी अकरा सहकारी संस्थांकडून आणि चार ग्रामपंचायतींकडून निवडले जातात. १८९७ च्या तुलनेत हा बदल फार मोठा आहे.

परवान्याच्या या इतिहासात कापसाचे मोठे खिंडार आहे. १९७१ च्या कायद्याने १९७२ पासून महाराष्ट्रात एकाधिकार कापूस खरेदी योजना आली आणि खाजगी व्यापाऱ्याला कापूस विकत घेण्यास बंदी झाली. खामगाव, मलकापूर, शेगाव, नांदुरा येथील पेढ्यांना आपल्या मूळ मालाला हात लावता येईना. ज्वारी, तूर, मूग, उडीद हाच व्यवहार त्यांच्याकडे उरला. २००२ च्या सुमारास खाजगी खरेदीला पुन्हा वाट मिळाली. २००६ च्या दुरुस्तीने खाजगी बाजार आणि थेट खरेदी यांचेही परवाने सुरू झाले.

बंदराकडील नियमांनी मात्र वेगळे वळण घेतले. २०१८ च्या सीमाशुल्क दलाल परवाना विनियमांत परवान्याची मुदत दहा वर्षांची होती. कारवाईची कालमर्यादाही त्यांत बांधून दिलेली आहे. गुन्ह्याचा अहवाल मिळाल्यापासून नव्वद दिवसांत नोटीस, नोटिशीपासून नव्वद दिवसांत चौकशी अहवाल आणि अहवालानंतर नव्वद दिवसांत आदेश, असा तो क्रम आहे. जुलै २०२१ च्या दुरुस्तीने नूतनीकरणच रद्द झाले आणि परवाना कायमचा झाला. मात्र वर्षभराहून अधिक काळ काम न करणाऱ्या दलालाचा परवाना बाद होऊ शकतो. बाजार समित्यांच्या कायद्यात अडत्याच्या परवान्याचे नूतनीकरण कायम आहे.