थर्मोपिलीच्या वाटेवरची लहान गावे

ग्रीसच्या प्रवासाचा बेत आखताना आम्हा सहाजणांच्या यादीत दोनच गोष्टी होत्या : डोंगरांवरचे मठ आणि प्राचीन रणभूमी. मठांमधले पहिले नाव अर्थातच अॅथॉस पर्वताचे होते, आणि ते पहिल्याच बैठकीत गळले. वीस मठांच्या त्या द्वीपकल्पावर स्त्रियांना प्रवेश नाही. शतकानुशतके चालत आलेल्या या प्रथेला आज ग्रीक कायद्याचेही पाठबळ आहे. आमच्यात तिघी स्त्रिया. पुरुषांनी तेवढे जाऊन यावे, असा एक उदार प्रस्ताव आला. तो कुणालाच रुचला नाही. मठांपुरते मेटिओरा उरले.

रणभूमींचा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा निघाला. इ.स.पू. ४८० मध्ये थर्मोपिलीची खिंड म्हणजे एका बाजूला डोंगर, दुसऱ्या बाजूला समुद्र आणि मध्ये, काही ठिकाणी तर जेमतेम एक गाडी जाईल एवढी वाट. आज तिथे खिंड नाही. स्पर्खिऑस नदीच्या गाळाने समुद्र कित्येक किलोमीटर मागे रेटला आहे. उरले आहेत ते गंधकाचे उष्ण झरे, ज्यांच्यावरून त्या जागेला नाव पडले, आणि कोलोनॉस नावाची एक टेकडी. १९३९ साली स्पिरिडॉन मारिनातोस यांना तिथल्या उत्खननात बाणांची असंख्य टोके सापडली. म्हणजे ही रणभूमी पाहायची नसून वाचायची आहे. हेरोडोटस हाती नसेल तर तिथे फक्त रस्ता आणि शेते दिसतील.

आणि हेरोडोटस नीट वाचला, की तीनशेंचा आकडा डळमळू लागतो. अखेरच्या दिवशी लिओनिडसबरोबर तीनशे स्पार्टन होते, हे खरे. पण थेस्पिया या लहानशा नगराचे सातशे योद्धेही स्वेच्छेने मागे राहिले आणि तिथेच पडले. स्पार्टाच्या लोकसंख्येत तीनशे म्हणजे एक तुकडी. थेस्पियाच्या लोकसंख्येत सातशे म्हणजे लढणाऱ्या पुरुषांचा फार मोठा हिस्सा. पुढे झर्क्सीसच्या सैन्याने ते रिकामे नगर जाळले. लिओनिडसचे स्मारक १९५५ साली उभे राहिले, थेस्पियनांचे १९९७ साली. (आपल्याकडे पावनखिंडीला थर्मोपिलीची उपमा देतात. तिथेही बाजीप्रभूंचे नाव ओठांवर असते, सोबतच्या बांदलांचे सहसा नसते. उपमा अशी अनपेक्षित ठिकाणीही जुळते.)

येथून आमचा नकाशा बदलला. अथेन्सहून थेट थर्मोपिली गाठण्याऐवजी बिओशियातून, लहान गावांच्या वाटेने जायचे ठरले. त्यात प्लाटियासाठी आम्ही सर्वांत अधिक वेळ राखून ठेवला आहे. इ.स.पू. ४९० मध्ये मॅरेथॉनवर अथेन्सच्या मदतीला धावून आले ते एकटे प्लाटियावासी. इराण्यांचा ग्रीसमधील निर्णायक पराभव झाला तोही त्यांच्याच भूमीवर, इ.स.पू. ४७९ मध्ये. तिथे पडलेल्या स्पार्टनांच्या कबरींना ते दरवर्षी वस्त्रे आणि शेतातली पहिली फळे अर्पण करीत.

अवघ्या बावन्न वर्षांनी, दीर्घ वेढ्यानंतर, हेच प्लाटियावासी स्पार्टाच्या न्यायाधीशांपुढे उभे होते. प्रत्येकाला एकच प्रश्न : या युद्धात तुम्ही स्पार्टाचे आणि त्याच्या मित्रांचे काही भले केले आहे काय? त्यांनी त्या कबरींची आठवण करून दिली. मग प्रश्न पुन्हा तसाच, एकेकाला विचारला गेला. उत्तर 'नाही' आले की वध. दोनशेहून अधिक माणसे मारली गेली, स्त्रिया दासी झाल्या. नंतर थीब्सच्या लोकांनी नगर जमीनदोस्त करून देवालयाजवळ एक धर्मशाळा बांधली. थ्युसिडिडीसने हा प्रसंग फारसे भाष्य न करता सांगितला आहे. शोकात्म साहित्य शिकवताना आपण सोफोक्लीस घेतो ते योग्यच, पण हे प्रकरणही शेजारी ठेवून पाहावे.

कायरोनिया वाटेतच आहे. इ.स.पू. ३३८ मध्ये मॅसिडोनियाच्या फिलिपने तिथे थीब्स आणि अथेन्स यांचा पराभव केला. तिथल्या दगडी सिंहाभोवतीच्या आवारात २५४ सांगाडे ओळींनी पुरलेले सापडले. ते थीब्सच्या 'पवित्र पथका'चे असावेत, असे मानले जाते. सिंहावर लेख नाही. दुसऱ्या शतकातला प्रवासी पॉसेनियस त्याचे कारण सुचवतो : धैर्याला साजेसे दैव लाभले नाही, म्हणून. प्लुटार्कही याच गावचा. बिओशियाच्या लोकांविषयी हेरोडोटस आकसाने लिहितो, असे त्याला वाटे, आणि त्यावर त्याने एक आख्खा निबंध रचला. जन्मभूमीसाठी इतिहासकाराशी भांडण्याची परंपरा पुरातन आहे, असेच म्हणायचे!

मेटिओरा शेवटी. तिथे पॉसेनियस सोबतीला नाही. थेसली त्याच्या ग्रंथात येत नाही, आणि मठ तर चौदाव्या शतकापासूनचे. थेसलीच्या मैदानावर सत्ता बदलत राहिल्या, तेव्हा या साधूंनी लढाईसाठी खिंड धरली नाही. ते उभ्या खडकांवर चढून गेले आणि शिड्या वर ओढून घेतल्या. माणसे आणि धान्य जाळीत बसवून, रहाट फिरवून वर घेत. खडकात कोरलेल्या पायऱ्या बव्हंशी १९२० च्या दशकातल्या. एकेकाळी चोवीस मठ होते, आज सहा नांदते आहेत, आणि त्यांतले दोन स्त्रियांचे आहेत. सर्वांत मोठ्या मठातल्या अस्थिगृहात आधीच्या साधूंच्या कवट्या फळ्यांवर ओळीने मांडून ठेवलेल्या आहेत. कायरोनियातल्या ओळींनंतर या ओळी पाहायच्या, म्हणूनही हा क्रम आम्ही असा ठेवला.

साही मठ रोज उघडे नसतात. सुट्टीचे वार वेगवेगळे. तेव्हा कालाम्बाकाला दोन मुक्काम हवेत. त्यासाठी अथेन्समधला एक दिवस कमी केला आहे. प्लाटियातला अर्धा दिवस मात्र कुणी सोडायला तयार नाही.